लेकीचे फोटो परत गोळा करताना

आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातलं, कापूस-तुरीचं. गावाचं आणि लेकीचं नाव मी इथे लिहिणार नाही. सात वर्षं दोन्ही नावं सगळीकडे लिहीत आले. तो पसारा आवरायला मला सहा महिने लागले. काय काय केलं, कुठे अडकले, किती पैसे आणि दिवस गेले, ते लिहून ठेवते. माझ्यासारखी एखादी आई रात्री मोबाइल हातात धरून रडत बसली असेल, तर तिला निदान पहिलं पाऊल कुठे टाकायचं ते कळावं.

१९ जानेवारी २०२५, रविवार. संक्रांतीची हळदीकुंकवं चालू होती. बचत गटातल्या एकीकडचं आटोपून घरी आले, तर अमरावतीच्या मावसबहिणीचे सात मिस्ड कॉल. लावला तर ती रडतच बोलली, "पोरीले कॅन्सर झाला अन् तू मले सांगतलं नाई वं? मी काय परकी हाय काय?"

मला काहीच कळेना. मग तिने व्हॉट्सअॅपवर एक पोस्टर पाठवलं. लाल अक्षरात "या चिमुकलीचा जीव वाचवा", खाली ब्लड कॅन्सर, बारा लाखांचा खर्च, तळाशी पैसे पाठवायचा क्यूआर कोड. पोरीचं नाव भलतंच, गावही भलतंच. फोटो मात्र माझ्या लेकीचा. बहिणीने दोन दिवसांपूर्वी ५०० रुपये पाठवले होते. तिला वाटलं, आम्ही लाजेपायी नाव बदललं असेल.

तो फोटो मीच काढलेला. ऑक्टोबर २०२४ मध्ये लेकीला डेंग्यू झाला होता, चार दिवस तालुक्याच्या दवाखान्यात होतो. सोयाबीनची काढणी चालू, त्यामुळे ह्यांना शेत सोडता येईना. मी एकटीच पोरीजवळ. सलाइनची सुई हलू नये म्हणून नर्सबाईंनी औषधाच्या खोक्याचा पुठ्ठा कापून तिच्या डाव्या तळहाताखाली ठेवला होता आणि वरून चिकटपट्टी गुंडाळली होती. अंगात पिवळ्या फुलांचा फ्रॉक. डोळे अर्धे मिटलेले. रात्री दोनच्या सुमारास प्लेटलेट अजून उतरल्याचं कळलं आणि मी तो फोटो फेसबुकवर टाकला, "माझ्या परीसाठी प्रार्थना करा." सकाळपर्यंत दोनशेवर लोकांनी हात जोडले होते. त्या रात्री त्या जोडलेल्या हातांचा मला खरंच आधार वाटला होता, हे मी आजही नाकारत नाही. पण पोस्ट टाकताना ती सगळ्यांना दिसेल अशी ठेवली होती, आणि तिथूनच कोणीतरी फोटो उचलला.

पोस्टरवर एका पानाचं नाव होतं. शोधलं तर दुसऱ्याच एका ॲपवर ते पान सापडलं. माझ्या लेकीच्या खाली आणखी पाच-सहा लेकरं, कोणाच्या नाकात नळी, कोणाचं डोकं भादरलेलं. कोणाची लेकरं होती कोण जाणे. मी घाईघाईने 'रिपोर्ट'चं बटण दाबलं. इथे माझं चुकलं. आधी पुरावा घ्यायचा असतो. पानाचं नाव, पोस्टची लिंक, तारीख, क्यूआर कोड, खालच्या कमेंट, सगळ्याचे स्क्रीनशॉट काढून लिंक वेगळी कॉपी करून ठेवायची. पोस्ट उडाली तर पोलिसांना दाखवायला हातात काही उरत नाही. माझं नशीब की पान तसंच राहिलं. दोन दिवसांनी उत्तर आलं, "नियमांचं उल्लंघन आढळलं नाही."

बहिणीला मात्र मी त्याच रात्री १९३० वर फोन करायला लावला. पैसे गेले असतील तर हा नंबर. तिथे बँकेचं नाव, रक्कम, वेळ आणि व्यवहाराचा बारा आकडी नंबर विचारतात. तो नंबर फोनपे, गूगलपे किंवा जे वापरता त्याच्या हिस्टरीत यूटीआर म्हणून दिसतो. जितक्या लवकर फोन, तितकी समोरच्या खात्यात पैसे अडकवून ठेवायची शक्यता जास्त. तिचे दोन दिवस आधीच गेले होते, म्हणून पाचशे परत आले नाहीत. पण तिची तक्रार नोंदली गेली, आणि त्या तक्रारीचा नंबर पुढे माझ्याही कामी आला.

सोमवारी पोस्टर गावातल्या ग्रुपवर आलं. कोणी मुद्दाम टाकलं नव्हतं. एका काकांनी कळवळूनच पुढे पाठवलं होतं. संध्याकाळी लेक शाळेतून आली ती गप्पच. जेवताना अर्धी भाकर ताटात तशीच टाकली. रात्री दिवा घालवल्यावर माझ्या कुशीत शिरून हळूच म्हणाली, "आई, मले काय झालं हाय?"

"कुठी काय? काहीच नाई."

"पोट्टे म्हनते, मी मरनार हावो. तू मले सांगून नाई राहिली काय?"

त्या पोरीने दिवसभर ते मनात धरून ठेवलं होतं. तिला खात्री होती की मला माहीत आहे आणि मी लपवते आहे. मी पुन्हा दिवा लावला, पोस्टर तिला दाखवलं, कोणीतरी तुझा जुना फोटो चोरून खोटं लिहिलं आहे असं सांगितलं. तिने खूप वेळ पाहिलं आणि विचारलं, "पन त्यायले माह्या फोटो भेटला कुठी?"

मी टाकला होता, असं तिला सांगितलं. त्या वेळी सगळ्यात जड गेलं ते हेच एक वाक्य.

सासूबाई बाजूच्या खाटेवरून ऐकत होत्या. पोर तान्ही असताना रोज तिच्या गालाला काजळाची तीट लावायच्या त्या. एवढंच म्हणाल्या, "तवाच म्हनत होती म्या." मला राग आला नाही. त्या खरंच म्हणत होत्या.

मंगळवारी, २१ तारखेला, तालुक्याला गेले. एसटीत बायकांना अर्धं तिकीट असल्याने जायचे २५, यायचे २५. पोलीस ठाण्यात अडीच तास बसले. मग पहिला प्रश्न आला, "पैसे तुमचे गेले का?" नाही म्हटल्यावर "मग ज्यांचे गेले त्यांना पाठवा" असं सांगून मला परत पाठवलं. बाकावर बसून डोळ्यांत पाणी आलं. ब्लाउज शिवायचे पडले होते, लग्नसराईचे. एक दिवस बुडाला म्हणजे तीन-चारशे रुपये गेले.

गावात आल्यावर सेवा केंद्र चालवणाऱ्या पोराने सांगितलं, "काकू, आधी ऑनलाइन करा, मग कागद घेऊन जा." २२ तारखेला त्याच्याकडे बसून सायबरक्राईम डॉट गव्ह डॉट इन या केंद्र सरकारच्या पोर्टलवर तक्रार भरली. लाइट दोनदा गेली, म्हणून तीन तास लागले. तिथे महिला आणि मुलांच्या तक्रारींसाठी वेगळा भाग आहे. त्यात नाव न देता तक्रार करण्याची सोय आहे आणि नाव देऊन, पुढे काय झालं ते पाहण्याचीही. मी भीतीपोटी आधी नाव न देण्याचं दाबणार होते. पण मग तक्रार कुठवर आली ते कळत नाही, म्हणून नाव दिलं. मोबाइलवर ओटीपी येतो, तेव्हा ज्याचं सिम नेहमी चालू असतं तोच नंबर द्या. तक्रारीत मी तीनच गोष्टी लिहिल्या: फोटो माझ्या मुलीचा, तिला असा आजार नाही, आणि या फोटोवर या क्यूआर कोडवर पैसे गोळा केले जात आहेत. सोबत मूळ फोटो, पोस्टर, लिंक आणि बहिणीच्या तक्रारीचा नंबर. शेवटी पोचपावतीचा नंबर मिळाला. प्रिंट आणि स्कॅनचे मिळून ६० रुपये झाले.

तो कागद घेऊन २४ तारखेला पुन्हा ठाण्यात गेले. या वेळी एक महिला अंमलदार भेटल्या. नंबर पाहिल्याबरोबर त्यांनी खुर्ची दिली. जबाब लिहून घेतला, वाचून दाखवला, मग सही घेतली. एक शब्द चुकला होता तो मी दुरुस्त करून घेतला. जबाब वाचल्याशिवाय सही करू नका, कितीही घाई असली तरी. काम झाल्यावर त्या मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "ताई, तुमचं फेसबुक मी पाहिलं. दिवाळीच्या आंघोळीचा व्हिडिओ आहे ना, तो आज घरी जाऊन आधी काढा."

लेक दीड वर्षांची असतानाचा होता तो. नरकचतुर्दशीची पहाट, अंगभर उटणं, पाटावर उघडी बसलेली, पाणी अंगावर पडलं की खिदळत होती. आमच्या घरातल्या सगळ्यात लाडक्या व्हिडिओंपैकी एक. बाईंनी शांतपणे सांगितलं की लहान लेकरांचे असे उघडे फोटो-व्हिडिओ गोळा करणारे लोक असतात, आईने मायेने टाकला की घाणेरड्या मनाने टाकला, याच्याशी त्यांना देणंघेणं नसतं. अशा लोकांसाठी आयटी कायद्यात ६७ ब हे कलम आहे, मुलांच्या लैंगिक शोषणाविरुद्धचा पॉक्सो कायदा आहे, पण गोष्ट तिथवर जाऊच नये. मी एसटी स्टँडवर बसूनच तो व्हिडिओ काढला. काढण्याआधी पाहिलं, चार हजारांवर लोकांनी पाहिलेला होता. आमच्या गावात चार हजार माणसं नाहीत.

आता ते पान काढून घेण्याचा भाग. हा सविस्तर सांगते, कारण इथेच लोक हात टेकतात. 'रिपोर्ट'च्या बटणाला नकार आला म्हणजे सगळं संपलं असं नसतं. २०२१ च्या आयटी नियमांप्रमाणे प्रत्येक मोठ्या ॲपला भारतात तक्रार निवारण अधिकारी ठेवावा लागतो. त्याचं नाव आणि ईमेल ॲपच्या मदत विभागात असतं, शोधायला मात्र वेळ लागतो. मी तक्रार केली तेव्हाचा नियम असा होता की २४ तासांत पोच द्यायची आणि १५ दिवसांत निकाली काढायची. उघड्या अंगाचा फोटो असेल तर २४ तासांतच पाऊल उचलायचं. आपल्या लहान मुलाचा फोटो दुसऱ्याने टाकला असेल तर आईवडिलांसाठी वेगळा फॉर्मही बऱ्याच ॲपवर असतो. तो मला नंतर सापडला.

२३ जानेवारीला मी मराठीतच मेल लिहिला, खाली सेवा केंद्रातल्या पोराने इंग्रजी करून दिलं. २४ ला पोच आली. मग शांतता. रोज सकाळी चहा ठेवायच्या आधी मी ते पान उघडून पाहायची. माझी लेक तिथे तशीच, पुठ्ठ्याला बांधलेला हात घेऊन पडलेली. कमेंटमध्ये लोक "देव बरं करो" लिहायचे. वाटायचं खाली लिहावं, ही बरी आहे हो, आता अंगणात लंगडी खेळते आहे. अंमलदारबाईंनी सांगितलं होतं की तिथे काही लिहू नका, ते सावध होतात आणि पान बंद करून दुसरं उघडतात. म्हणून गप्प राहिले.

५ फेब्रुवारीला उत्तर आलं: मूल तुमचंच आहे याचा पुरावा द्या. तेराव्या दिवशी! हे पहिल्याच मेलला जोडलं असतं तर तेवढे दिवस वाचले असते. तेव्हा तुम्ही पहिल्याच दिवशी जन्माचा दाखला जोडा. ग्रामपंचायतीचा दाखला घरी होता, त्यावर आईचं नाव असतं. सोबत माझं आधार. पण पूर्ण आधार कुठेही पाठवू नका. आधारच्या वेबसाइटवरून मास्क्ड आधार उतरवून घेता येतं, त्यात शेवटचे चारच आकडे दिसतात. ६ तारखेला कागद पाठवले. ७ ला १५ दिवस पुरे झाले. तेवढ्यात मला कळलं होतं की ॲपने ऐकलं नाही किंवा मुदतीत उत्तर दिलं नाही, तर केंद्र सरकारच्या तक्रार अपील समितीकडे जाता येतं. जीएसी डॉट गव्ह डॉट इन, सगळं ऑनलाइन, फी नाही, ३० दिवसांच्या आत अपील करायचं. ८ च्या रात्री मी ते अपील अर्धं भरून ठेवलं. ९ फेब्रुवारीला सकाळी पान उघडलं तर उघडलंच नाही. गेलं होतं. मी सासूबाईंना उठवून सांगितलं. त्यांनी देवापाशी साखर ठेवली.

याच दिवसांत एकदा कोर्टाच्या आवारात तालुका विधी सेवा समितीकडेही गेले होते. बायकांना आणि लेकरांना तिथे वकिलाचा सल्ला फुकट मिळतो, उत्पन्न कितीही असो. १९८७ च्या कायद्यातच तसं आहे. १५१०० वर फोन करूनही विचारता येतं. वकीलबाईंना मी विचारलं, पोरीच्या फोटोवर हक्क कोणाचा? त्या म्हणाल्या, २०२३ मध्ये माहिती संरक्षणाचा कायदा झाला, त्यात १८ वर्षांखालच्या मुलाची माहिती वापरायची तर कंपनीने आईवडिलांची संमती घ्यायची असं आहे. पण घरगुती, वैयक्तिक वापर त्या कायद्यातून वगळला आहे, म्हणजे आईबापच टाकत असतील तर हा कायदा त्यांना अडवत नाही. फ्रान्समध्ये फेब्रुवारी २०२४ मध्ये कायदा झाला की मुलाच्या फोटोचा हक्क आईवडिलांनी दोघांनी मिळून जपायचा आणि मुलाच्या वयाप्रमाणे त्यालाही विचारात घ्यायचं. आपल्याकडे मुलाला विचारा असं सांगणारं कोणी नाही. बसमध्ये घरी येताना मी हिशेब करत होते, लेकीला मी एकदा तरी विचारलं होतं का. एकदाही नाही. ती मात्र दोन-तीनदा म्हणाली होती, "नको टाकू वं आई." मी ते लाडात घेतलं होतं.

मग सुरू झालं माझं स्वतःचं खातं साफ करणं. हे पोलिसांच्या कामापेक्षा लांबलं, आणि जास्त दुखलं. मोजलं तर लेकीच्या ६११ पोस्ट निघाल्या. बारशाचा पाळणा, पहिला दात, जावळ, अंगणवाडीतला पहिला दिवस. प्रत्येक वाढदिवसाला गावातल्या डिझाइनवाल्याकडून बनवून घेतलेलं शुभेच्छांचं बॅनर, त्यावर तिचं पूर्ण नाव, वडिलांचं नाव, गाव आणि तारीख. एवढ्या माहितीवर कोणीही परका माणूस शाळेच्या फाटकाशी उभा राहून तिला नावाने हाक मारू शकतो. गणवेशातले फोटो वेगळेच, खिशावर शाळेचं नाव स्पष्ट.

आधी सगळं फेसबुकवरून उतरवून घेतलं. सेटिंगमध्ये आपली माहिती डाउनलोड करण्याची सोय आहे. आमच्याकडे नेटवर्क रात्री बरं असतं, तरी दोन रात्री गेल्या आणि ४९ रुपयांचा जादा डेटा. मग पहिल्याच दिवशी 'जुन्या पोस्ट मर्यादित करा' हे दाबलं, त्याने आधीच्या सार्वजनिक पोस्ट निदान फक्त मित्रयादीपुरत्या होतात. एकदम सगळं काढणं जमत नसेल तर एवढं आजच करा. त्यानंतर 'ॲक्टिव्हिटी लॉग'मध्ये जाऊन वर्षावर्षाने निवडून काढत गेले. काढलेलं ३० दिवस ट्रॅशमध्ये राहतं. मन बदललं तर परत आणता येतं, लगेच घालवायचं असेल तर ट्रॅशमधूनही काढावं लागतं.

लेक माझ्याजवळ बसायची. तिसरीतली पोर, पण तिचा निवाडा पक्का होता. रडतानाचे सगळे काढ म्हणाली. केस विंचरलेले नसतानाचे काढ. वांगं खात नाही म्हणून मी रागावले होते, तो व्हिडिओ तर हजारेक लोकांनी हसत पाहिला होता. तो लागल्यावर तिने तोंड फिरवलं. "हे पाहून सगळे हासले होते," म्हणाली. मला वाटायचं तिलाही मजा आली होती. मग २०२४ च्या तान्ह्या पोळ्याचा व्हिडिओ आला. लाकडी नंदी दोरीने ओढत नेते आहे, नंदीच्या शिंगांना बेगड, हिच्या डोक्याला फेटा, आणि बोजाऱ्यासाठी, म्हणजे पोळ्याच्या खाऊ-पैशांसाठी, घरोघरी दारात उभी राहून जोरजोराने ओरडते आहे. तो पुन्हा पुन्हा लावायला लावला. म्हणाली, "हा आपल्याजवळ ठेव. मोबाइलमधी नाई, घरात." व्हिडिओ घरात कसा ठेवायचा? शेवटी त्यातली तीन दृश्यं थांबवून फोटो केले, तिने निवडलेले बाकीचे मिळून ३६ फोटो तालुक्याच्या स्टुडिओतून छापून आणले, १२ रुपयाला एक, अल्बम १८० चा. तो आता सासूबाईंच्या पेटीत असतो. कोणी पाव्हणं आलं की लेक स्वतः काढून दाखवते, आणि कोणाला दाखवायचा नाही तेही तीच ठरवते.

नातेवाइकांचं काम अवघड निघालं. माझ्या भावाच्या खात्यावर भाचीचे चाळीसेक फोटो होते. मी काढ म्हटल्यावर तो दुखावला. "मामाचा एवढाही हक्क नाई काय?" म्हणून दोन आठवडे बोलला नाही. फोनवर समजावून उपयोग झाला नाही. महाशिवरात्रीला माहेरी गेले तेव्हा त्याला ते पोस्टर दाखवलं आणि लेकीने त्या रात्री काय विचारलं ते सांगितलं. तो उठून बाहेर गेला. थोड्या वेळाने परत आला आणि मोबाइल माझ्या हातात देऊन म्हणाला, "तूच काढ." ह्यांचंही आधी तसंच होतं. "मंग काय पोरीचे फोटोच काढाचे नाई काय?" असं विचारायचे. फोटो काढा, हवे तेवढे काढा, फक्त स्टेटसला लावू नका, एवढंच मी म्हणत राहिले. आता स्टेटसला 'फक्त यांनाच दाखवा' करून सहा माणसं निवडली आहेत.

शाळेचा विषय २६ जानेवारीलाच निघाला होता. लेकीने भाषण केलं, त्याचा फोटो नावासकट त्याच दिवशी दोन-तीन ग्रुपवर आणि कोणाच्या तरी खात्यावर गेला. गुरुजींचा हेतू चांगला होता, वर अहवालही द्यावा लागतो त्यांना. भांडून चाललं नसतं. मी साधा अर्ज लिहिला: "माझ्या पाल्याचे छायाचित्र शासकीय अहवालासाठी पाठविण्यास माझी हरकत नाही. मात्र समाजमाध्यमांवर नाव किंवा चेहरा स्पष्ट दिसेल असे छायाचित्र माझ्या लेखी संमतीशिवाय टाकू नये, ही विनंती." दोन प्रती केल्या, एकीवर आवक नंबर घेतला. शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालकच असतात आणि निम्म्या बायका असतात, त्यामुळे विषय तिथे मांडणं सोपं गेलं. मार्चच्या बैठकीत आमच्या गटातल्या दोघी सदस्य होत्या, त्यांनी उचलून धरलं. ठरलं असं की कार्यक्रमाचे फोटो लांबून किंवा पाठीमागून घ्यायचे, नावं लिहायची नाहीत. दोन-तीन पालकांना हे पटलं नाही, आमच्या लेकराचं कौतुक का अडवता म्हणाले. त्यांचंही चूक म्हणता येत नाही. आपल्या खेड्यातल्या पोराचं चार लोकांनी नाव घ्यावं असं कोणाला वाटत नाही? त्यांनी त्यांच्या लेकरांसाठी लेखी संमती दिली, आणि तसं चालू आहे.

खर्चाचं म्हणाल तर तालुक्याच्या सहा फेऱ्यांचे ३००, प्रिंट-झेरॉक्स-स्कॅन मिळून २१० च्या आसपास, डेटा, अल्बम आणि फोटो धरून साडेअकराशेच्या वर गेले. बुडालेले दिवस वेगळे. पोर्टलवर माझी तक्रार अजून 'प्रक्रियेत' दिसते. क्यूआर कोडचं खातं परराज्यातलं निघालं, ते गोठवल्याचं अंमलदारबाईंनी सांगितलं. माणूस सापडलेला नाही. दर महिन्याला एकदा नंबर टाकून बघते. फोन केला की त्या ओळखतात, लेक कशी आहे विचारतात.

जुलैमध्ये, निंदणाच्या दिवसांत, तेच पोस्टर पुन्हा एका ग्रुपवर आलं. नाव आणखी वेगळं, क्यूआर कोड नवा, पान नवं. पण या वेळी जन्माचा दाखला, मास्क्ड आधार, मूळ फोटो, जुन्या तक्रारींचे नंबर, सगळं मोबाइलमध्ये एका फोल्डरमध्ये होतं. बांधावर बसून स्क्रीनशॉट घेतले, लिंक कॉपी केली, पोर्टलवर आणि ॲपच्या अधिकाऱ्याकडे दोन्हीकडे तक्रार टाकली. अर्धा तास लागला असेल. पान चौथ्या दिवशी गेलं.

लेक त्या दिवशी माझ्यासोबत शेतात आली होती. मी मोबाइलमध्ये डोकं घातलेलं पाहून जवळ आली, वाकून पाहिलं. "पुन्हा मीच हावो काय?"

"हो."

"काढ मंग," म्हणाली, आणि धुऱ्यावरच्या बोरीखाली खेळायला पळाली.